दांगदुत : इंडोनेशियाचे लोकसंगीत आणि हिंदी चित्रपटगीत

इंदूर-धार रस्त्यावरील बेटमा येथील श्रोत्यांना लता मंगेशकर हे नाव शेजारचेच वाटते. त्यांचा जन्म २८ सप्टेंबर १९२९ रोजी इंदूरला झाला. त्यांच्या गाण्यांचा एक धागा मात्र थेट इंडोनेशियात पोहोचतो, याची चर्चा आपल्याकडे क्वचितच होते.

इंडोनेशियातील सर्वांत लोकप्रिय संगीतप्रकारांपैकी एक म्हणजे दांगदुत. तबल्याच्या जातीच्या जोडवाद्यातून निघणाऱ्या 'दांग' आणि 'दुत' या बोलांवरून हे नाव पडले. मलय वाद्यवृंद, अरबी सुरावट आणि हिंदी चित्रपटगीत यांच्या मिश्रणातून तो घडला. १९५०च्या दशकात एल्या खादम यांनी 'बोनेका दारी इंडिया' (हिंदुस्थानची बाहुली) गाऊन हिंदी ढंग रूढ केला. 'दांगदुत' हा शब्द १९७०च्या दशकात प्रथम हेटाळणीनेच वापरला गेला. गरीब वस्तीतले गाणे, असा सुशिक्षितांचा शेरा होता. आपल्याकडे तमाशाच्या वाट्याला जे आले, तेच.

त्याला प्रतिष्ठा मिळवून दिली ऱ्होमा इरामा यांनी. १९७०मध्ये त्यांनी 'सोनेता' हा वृंद काढला, विजेवरची गिटार आणली आणि गाण्यांतून सामाजिक व धार्मिक उपदेश सुरू केला. नावातील 'ऱ्ह' म्हणजे रादेन व हाजी या उपाध्यांची आद्याक्षरे. त्यांच्या 'तेराजाना' या गीताच्या शीर्षकात 'तेरा जाना' हे हिंदी शब्द सरळ ऐकू येतात; 'अनाडी' (१९५९) चित्रपटातील लताबाईंचे गीत याच शब्दांनी सुरू होते.

परंतु उपदेश आणि करमणूक यांचे नाते सरळ नव्हते. २००३मध्ये पूर्व जावाच्या इनुल दारातिस्ता यांच्या नृत्यावर ऱ्होमा यांनी जाहीर आक्षेप घेतला आणि आपली गाणी गाण्यास त्यांना मनाई केली. उलट माजी राष्ट्राध्यक्ष व नहदतुल उलेमाचे एके काळचे प्रमुख अब्दुर्रहमान वाहिद इनुल यांच्या बाजूने उभे राहिले. म्हणजे हा वाद धार्मिक विरुद्ध अधार्मिक असा नव्हता. एकाच समाजातील दोन श्रद्धावान मतांचा होता. वर्गात हा विषय मांडताना एवढा भेद तरी अवश्य दाखवावा.

२०१८च्या जकार्ता-पालेम्बांग आशियाई क्रीडा स्पर्धांचे अधिकृत गीत दांगदुत गायिका व्हिया व्हालेन यांनी गायिले. भाषेच्या तासाला याच संगीताच्या देशातील काही शब्द फळ्यावर लिहावेत : काबार, दुनिया, कुर्सी. उर्दूच्या विद्यार्थ्याला ते लगेच ओळखू येतील आणि मराठीच्या विद्यार्थ्याला खबर, दुनिया, खुर्ची आठवतील.