तारेखालचा शेजार

कळंब्याच्या तलावाच्या बांधावर संध्याकाळी फिरावयास येणाऱ्या आम्हा वयस्कर मंडळींत पावसापाण्याच्या आणि उसाच्या दराच्या जोडीने गेल्या काही वर्षांत एक नवा विषय रुळला आहे. तो म्हणजे कोल्हापूरच्या स्टेशनापर्यंत येऊन पोहोचलेली विजेची तार. ह्या तारेविषयी जो तो अधिकारवाणीने बोलतो, आणि बोलण्यात कौतुकही खरे असते. परंतु कौतुकाबरोबर जे समज पसरत जातात, त्यांतले कित्येक वस्तुस्थितीला धरून नसतात. शेजारच्या गावांना एकमेकांशी जोडणाऱ्या विजेच्या रेल्वेचा इतिहास आपल्या इलाख्यात शंभर वर्षांचा आहे, तो मोठ्या कष्टांनी घडलेला आहे, आणि म्हणून तो नीट माहीत असावा, असे मला मनापासून वाटते.

पहिला समज असा की विजेची गाडी ही स्वातंत्र्यानंतरची, किंबहुना अगदी अलीकडची गोष्ट आहे. ह्याच्या नेमका उलट असा दुसरा समजही अधूनमधून ऐकू येतो, की १८५३ साली बोरीबंदरहून ठाण्यास जी पहिली गाडी गेली, तीच पुढे विजेवर चालू लागली. वास्तविक १६ एप्रिल १८५३ ची ती गाडी वाफेची होती, आणि हिंदुस्थानातील पहिली विजेची गाडी धावली ती ३ फेब्रुवारी १९२५ रोजी, व्हिक्टोरिया टर्मिनसपासून कुर्ल्यापर्यंत, तीही ठाण्याच्या मुख्य मार्गावरून नव्हे, तर बंदराच्या कडेने जाणाऱ्या हार्बर मार्गावरून. तिचे उद्घाटन मुंबईचे त्या वेळचे गव्हर्नर सर लेस्ली विल्सन ह्यांनी केले. तारेतील वीज १५०० व्होल्टची, एकदिश प्रवाहाची होती. ह्या कामाची पहिली तजवीज मुंबई सरकारचे मुख्य अभियंता डब्ल्यू. एच. व्हाइट ह्यांनी १९०४ सालीच मांडली होती. पुढे महायुद्ध आड आले, दप्तरे बांधून ठेवली गेली, आणि सुचलेली गोष्ट रुळावर उतरण्यास वीस वर्षांहून अधिक काळ जावा लागला. बॉम्बे, बरोडा अँड सेंट्रल इंडिया (बी. बी. अँड सी. आय.) कंपनीच्या कुलाबा ते बोरिवली मार्गावर विजेची गाडी सुरू झाली ती १९२८ च्या जानेवारीत.

मग हा खर्च कंपन्यांनी केला तरी कशासाठी? साहेबलोकांच्या अंगावर काजळी पडू नये म्हणून, असे उत्तर मी अनेकांच्या तोंडून ऐकले आहे. धुराचा जाच होता हे खरेच; तथापि खरी अडचण गर्दीची होती. वाफेचे इंजिन टर्मिनसवर येऊन थांबले म्हणजे ते सोडवावे लागे, दुसऱ्या रुळावरून फिरवून गाडीच्या दुसऱ्या टोकास आणावे लागे, त्यात पाणी भरावे लागे, आणि तोवर फलाट अडून राही. विजेच्या उपनगरी गाडीला दोन्ही टोकांस चालकाची खोली असते. आलेली गाडी चालकाने केवळ जागा बदलली की परत निघू शकते. शिवाय मोटरी डब्यांखालीच असल्यामुळे स्टेशन सोडताच तिला वेग येतो, आणि ज्या मार्गावर मैला-दीड मैलावर थांबावयाचे, तेथे हाच गुण सर्वांत मोलाचा ठरतो. त्याच रुळांवरून, त्याच फलाटांवरून अधिक गाड्या सोडता याव्यात, हा ह्या साऱ्या उद्योगाचा हेतू होता.

दुसरी अडचण बोरघाटाची. कर्जत सोडल्यावर दर ३७ फुटांमागे एक फूट असा तो चढ, आणि त्यावर वाफेची इंजिने मागेपुढे लावून धापा टाकीत चढणाऱ्या गाड्या. त्यात कोळसा आणावयाचा तो बंगाल-बिहारच्या खाणींतून, शेकडो मैलांवरून. ह्या घाटासाठी आणलेल्या मालगाड्यांच्या विजेच्या इंजिनांस रेल्वे कामगारांनी ‘खेकडा’ असे नाव ठेवले होते, आणि सांध्यांनी जोडलेले त्याचे लांबोळके अंग घाटाच्या वळणावर वाकताना ज्याने पाहिले असेल, त्यास ते नाव कसे पडले हे सांगावे लागणार नाही. ‘विजेचे इंजिन चढताना वीज खाते तशी उतरतानाही खाते’ हा जो आणखी एक समज आहे, त्याला ह्या खेकड्याने फार पूर्वीच उत्तर देऊन ठेवलेले आहे. घाट उतरताना गाडीचा भार चाकांना ढकलतो, चाके मोटरीस फिरवितात, आणि फिरविली जाणारी मोटर जनित्र बनून वीज उलट तारेत सोडते. गाडीला आवर बसतो तो ह्या वीज निर्माण करण्याच्या श्रमानेच, आणि ब्रेकचे लोखंड झिजण्याचे वाचते. खाली येणाऱ्या गाडीने वर जाणाऱ्या गाडीस हात द्यावा अशी ही व्यवस्था आहे. कल्याण-पुणे मार्गावर तार १९२९ साली पोहोचली, आणि १ जून १९३० रोजी सुरू झालेली डेक्कन क्वीन प्रथमपासून विजेच्या इंजिनावर धावली; ती पूर्वी वाफेवर होती असे जे कोणी सांगतात, ते दुसऱ्या एखाद्या गाडीच्या आठवणीत तिला मिसळीत असावेत.

येथे मला थोडे थांबावेसे वाटते. ही वीज सह्याद्रीच्या पाण्याची, म्हणून ती जणू फुकटची आणि निष्पाप, अशी एक गोड समजूत पुष्कळांची आहे. तिच्यातला पहिला भाग अर्धाच खरा आहे: टाटांची जलविद्युत केंद्रे खोपोलीस १९१५ साली, भिवपुरीस १९२२ साली आणि भिऱ्यास १९२७ साली सुरू झाली हे खरे, परंतु ग्रेट इंडियन पेनिन्सुला (जी. आय. पी.) रेल्वेने ठाकुर्लीजवळ चोळा येथे स्वतःचे वीजघर उभारले ते कोळशावर चालणारे होते. आणि दुसऱ्या भागाविषयी तर मुळशीच्या रयतेस विचारावे. भिऱ्याच्या जनित्रांवर जे पाणी पडते ते मुळशीच्या धरणाचे, आणि ते धरण होऊ नये म्हणून मावळातल्या शेतकऱ्यांनी १९२१ साली सत्याग्रह आरंभिला, ज्याचे पुढारीपण पांडुरंग महादेव बापट ह्यांनी केले आणि ज्यातूनच त्यांस सेनापती हे नाव मिळाले. तीन वर्षे झुंजूनही अखेर भाताची खाचरे, देवळे, घरे पाण्याखाली गेलीच. गिरण्यांचे माग आणि मुंबईची चाके ज्या विजेवर फिरली तिच्या जमाखर्चात त्या गावांची रक्कम कोठेही मांडलेली नाही, आणि ती मांडल्यावाचून हा इतिहास पुरा होत नाही.

आता आपल्या कोल्हापूरकडे वळू. आपली रेल्वे इंग्रजांनी बांधून दिली, हा समज सर्वत्र आढळतो. वास्तविक कोल्हापूर स्टेट रेल्वे ही संस्थानाच्या खजिन्यातून झाली. चालविण्याचे काम तेवढे सदर्न मराठा कंपनीकडे सोपविलेले होते. तसेच शाहू महाराजांनी अधिकारसूत्रे हाती घेतल्यावर ती आणली, हेही सालांशी जुळत नाही: १८८८ साली कामाचा शुभारंभ त्यांच्या हस्ते झाला तेव्हा ते अवघे तेरा-चौदा वर्षांचे होते, मिरज-कोल्हापूर गाडी १८९१ साली सुरू झाली, आणि राज्याधिकार त्यांस मिळाला तो १८९४ साली.

पुणे-मुंबईकडे १९३० पर्यंत तार आली, मग कोल्हापूरला ती येण्यास त्यापुढे नव्वद वर्षे का लागली? ‘आपला रूळ मीटरगेज होता ना, त्यावर विजेची गाडी चालत नाही’ हे उत्तर बांधावर एका निवृत्त गृहस्थांनी इतक्या खात्रीने दिले की बाकीच्यांनी माना डोलावल्या. परंतु मद्रासेस बीच स्टेशनापासून तांबरमपर्यंत १९३१ साली सुरू झालेली विजेची रेल्वे मीटरगेजच होती. खरे कारण रुळाच्या रुंदीत नसून रहदारीच्या दाटीत होते. खांब, तार, उपकेंद्रे ह्यांचा खर्च एकदाच पण प्रचंड येतो, आणि दिवसाकाठी मोजक्याच गाड्या जावयाच्या असतील तर तो निघत नाही. दर पाच-दहा मिनिटांनी गाडी सुटत असेल तेथेच निघतो. मुंबई आणि मद्रास ह्या दोन्ही ठिकाणी ती दाटी होती, मिरज-कोल्हापूर मार्गावर नव्हती. तो रूळ १९७० च्या दशकारंभी रुंद झाला तरीसुद्धा तार आली नाही. ती आली सबंध देशातील ब्रॉडगेज मार्ग विजेवर नेण्याच्या धोरणातून. मध्य रेल्वेचे सर्व ब्रॉडगेज मार्ग २०२३ च्या फेब्रुवारीत विजेवर गेले, त्यात आपली ही शाखाही आली.

रहदारीचा हा नियम परदेशातही दिसतो. अमेरिकेत एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून शेजारशेजारच्या नगरांना जोडणाऱ्या विजेच्या रेल्वेगाड्या अशा झपाट्याने वाढल्या की १९१६ च्या सुमारास त्यांचे जाळे पंधरा हजार मैलांहून अधिक झाले. गावात त्या रस्त्यावरून ट्रामसारख्या हळू जात आणि गाव सुटले की शेतांमधून आगगाडीच्या वेगाने पळत. एका मोटार कंपनीने कारस्थान करून त्या बुडविल्या, अशी कथा प्रसिद्ध आहे. त्या कंपनीस आणि तिच्या सहकाऱ्यांस १९४९ साली शिक्षा झाली हे खरे, परंतु ती शहरांतील बसकंपन्यांना बस आणि तेल-टायर पुरविण्याच्या मक्तेदारीसाठी. गावोगावच्या त्या रेल्वेगाड्यांपैकी बहुतेक त्यापूर्वीच, १९३० नंतरच्या मंदीत आणि मोटारीच्या स्पर्धेत, मुळातच बेताच्या उत्पन्नामुळे बंद पडल्या होत्या. ह्याउलट जपानात ओसाका आणि कोबे ह्यांना जोडणारी हानशिन कंपनीची विजेची गाडी १९०५ साली, सरकारी रेल्वे शेजारी असतानाही, जवळजवळची स्टेशने आणि वारंवार सुटणाऱ्या गाड्या ह्यांच्या बळावर उभी राहिली, आणि ती आजही चालते. बेल्जियमच्या समुद्रकाठची ६७ किलोमीटरची ट्रामही तशीच गावामागून गाव ओवीत जाते.

आता तारेविषयी दोन-चार व्यावहारिक गोष्टी. ‘महावितरणची लाइट गेली की गाडी थांबणार’ असे पावसाळ्यात हमखास म्हटले जाते. रेल्वे आपल्या उपकेंद्रांसाठी उच्च दाबाच्या पारेषण वाहिन्यांवरून वीज घेते. आपल्या गल्लीतील फ्यूजशी तिचा संबंध नसतो. ‘वर एकच तार, मग वीज परत कशी जाते?’ ह्याचे उत्तर पायाखाली आहे: परतीची वाट रुळांतून आहे. ‘तारेला हात लागला तरच धोका’ हा समज मात्र जीवघेणा आहे. ह्या तारेत २५,००० व्होल्ट असतात, मुंबईच्या जुन्या तारेहून कितीतरी अधिक, आणि एवढ्या दाबाची वीज स्पर्श होण्यापूर्वीच हवेतून झेप घेते. मालगाडीच्या टपावर चढून फोटो काढणाऱ्या पोरांना हे घरोघरी बजावून सांगितले पाहिजे.

ती तार सरळ ओढलेली असते, असेही वाटते. एकदा स्टेशनाच्या पादचारी पुलावर उभे राहून तिच्याकडे टक लावून पाहावे: एका खांबाशी ती रुळाच्या मध्यापासून किंचित डावीकडे ओढलेली, पुढच्या खांबाशी किंचित उजवीकडे, अशी नागमोडी. इंजिनाच्या डोक्यावरील चौकटीवर कार्बनची पट्टी असते. तार सरळ असती तर त्या पट्टीस एकाच जागी घासून खाच पडली असती. तार डावी-उजवीकडे सरकत राहते म्हणून पट्टी सर्व बाजूंनी सारखी झिजते.

राहिला शेवटचा आणि सर्वांत आवडता समज: तार आली, आता कोल्हापूरहून सांगली-मिरज म्हणजे दादरहून ठाणे. २०२४ च्या सप्टेंबरात पुणे-कोल्हापूर वंदे भारत सुरू झाली, गाडी देखणी आहे, तरी सुमारे सव्वातीनशे किलोमीटरना तिला पाच तासांहून अधिक वेळ लागतो, कारण वळणे, चढ आणि समोरून येणाऱ्या गाड्या ह्यांवर विजेचा हुकूम चालत नाही. मिरज ते कोल्हापूर हा रूळ एकेरी आहे. दुहेरी रूळ आणि दर अर्ध्या तासाने जाणारी लहानशी विजेची गाडी मिळाली, तर इचलकरंजीचा यंत्रमाग कामगार हातकणंगल्यास, जयसिंगपूरचा विद्यार्थी कोल्हापूरच्या कॉलेजात आणि कोल्हापूरचा रुग्ण मिरजेच्या दवाखान्यात एस.टी.च्या गर्दीवाचून सहज जाऊ-येऊ शकेल. ह्यासाठी मागणी करीत राहणे हे मी माझ्या उरलेल्या आयुष्यातले एक काम समजतो. तोवर रुकडीला क्रॉसिंगसाठी गाडी बाजूच्या रुळावर उभी राहते. पुढे पंचगंगेचा पूल, खिडकीत भुईमुगाच्या शेंगा विकणारी बाई, डोक्यावर नवी कोरी तार, आणि समोरची गाडी येऊन निघून जाईपर्यंत सगळा डबा सिग्नलकडे पाहत बसतो.