साडेचार कोटी प्रेक्षक आणि सायबेरियातून परतलेला पटकथाकार

एस्टोनियाची लोकसंख्या आज जेमतेम साडेतेरा लाख. आणि तिथल्या एका सिनेमाची सोव्हिएत संघात खपलेली तिकिटं तब्बल ४ कोटी ४९ लाख! सिनेमा १९६९ चा, ‘विम्ने रेलीक्विया’, म्हणजे ‘शेवटचा पवित्र अवशेष’. दिग्दर्शक ग्रिगोरी क्रोमानोव. पटकथाकार आर्वो वाल्टन हे मात्र आपल्याकडे सिनेमावेड्यांनाही फारसे ठाऊक नाहीत.

त्यांचा जन्म १९३५ चा. मार्च १९४९ मध्ये सोव्हिएत सत्तेनं वीस हजारांहून अधिक एस्टोनियन लोकांना मालगाड्यांत कोंबून सायबेरियाला धाडलं. त्यांत तेरा वर्षांचा आर्वो होता, घरच्यांसकट. १९५४ मध्ये सुटून आल्यावर तो शिकला काय, तर टॅलिनमध्ये खाण अभियांत्रिकी! पटकथालेखन त्यानंतर, आणि तेही मॉस्कोत.

सिनेमाची गोष्ट एदुआर्द बोर्नह्योहे यांच्या १८९३ च्या कादंबरीवरून घेतलेली. सोळावं शतक, टॅलिनजवळचा पिरिताचा मठ, शेतकऱ्यांचं बंड, तलवारबाजी. उमराव हान्सकडे संत ब्रिगिटाच्या अस्थींची पेटी आहे. मठाला ती हवी, आणि हान्सला बदल्यात हवी मठप्रमुख बाईंची भाची अॅग्नेस. हाडांच्या मोबदल्यात जिवंत मुलगी! पण अॅग्नेसचा जीव जडतो गाब्रिएलवर. कादंबरीत गाब्रिएल राजघराण्यातला. पडद्यावर तो कुणाचाच चाकर नसलेला मोकळा माणूस. माझ्या मते सिनेमाचा खरा प्राण इथेच आहे. खलनायक उमराव आणि धर्मसत्ता, म्हणजे सोव्हिएत चौकटीत चपखल बसणारे. पण स्वातंत्र्याची ओढ काय असते, हे लिहिणाऱ्यानं सोसून जाणलेलं होतं.

गंमत म्हणजे नायक-नायिका दोघंही एस्टोनियन नाहीत! गाब्रिएल झाले अलेक्सांद्र गोलोबोरोद्को, तर अॅग्नेस लात्वियाची इंग्रिदा आंद्रिन्या. एस्टोनियन आवाज दुसऱ्यांचे. पाउल-ईरिक रुम्मो यांनी लिहिलेली गाणी एस्टोनियनमध्ये गायली पीटेर टोमा यांनी, रशियन आवृत्तीत विख्यात गायक गेओर्ग ओट्स यांनी.

१९८० मध्ये एस्टोनियाच्या रशियनीकरणाविरुद्ध तिथल्या चाळीस बुद्धिवंतांनी जाहीर पत्र काढलं. सोव्हिएत काळात अशी सही म्हणजे नोकरी-धंद्यावर पाणी सोडण्याची तयारी. वाल्टन यांनी सही केली, रुम्मो यांनीही. १९९२ मध्ये वाल्टन स्वतंत्र एस्टोनियाच्या संसदेत पोहोचले. आणि एकीकडे चिकाटीनं एक काम चालूच होतं: एस्टोनियनच्या नात्यातल्या, रशियात बोलल्या जाणाऱ्या छोट्या छोट्या भाषांमधले कवी एस्टोनियनमध्ये आणण्याचं.