तेर येथील बाहुल्या

तेर येथील बाहुल्या : महाराष्ट्राच्या धाराशिव (पूर्वीच्या उस्मानाबाद) जिल्ह्यातील तेर या गावी मिळालेल्या, भाजलेली माती, केओलिन व हस्तिदंत यांत घडविलेल्या लहान प्राचीन आकृती. त्यांतील बहुसंख्य सातवाहन काळातील (सु. इ. स. पू. दुसरे शतक ते इ. स. तिसरे शतक) मानल्या जातात. त्यांत स्त्रियांच्या आकृती अधिक असून सुटी मस्तके, ठेंगण्या यक्षाकृती व प्राणीही आहेत. यांपैकी मोठा भाग तेर येथील रामलिंगप्पा लामतुरे यांच्या संग्रहातून शासकीय वस्तुसंग्रहालयात आला. त्यामुळे या बाहुल्यांचा इतिहास हा त्यांच्या घडणीचा जसा आहे, तसाच त्यांच्या संग्रहाचाही आहे.

स्थान व पार्श्वभूमी : तेर हे तेरणा नदीच्या काठी वसलेले आहे. इ. स. पहिल्या शतकातील पेरिप्लस या ग्रीक प्रवासवर्णनात ‘तगर’ हे पैठणपासून पूर्वेस दहा दिवसांच्या वाटेवरील मोठे नगर म्हणून येते. तेथून जाडेभरडे कापड व मलमल गाड्यांवर लादून भडोच बंदराकडे जात असे. टॉलेमीनेही या नगराचा उल्लेख केला आहे. हे तगर म्हणजेच तेर, हे जे. एफ्. फ्लीट यांनी १९०१ मध्ये प्रतिपादिले आणि हेन्री कझिन्स यांनी येथील अवशेषांची पाहणी केली. गावातील त्रिविक्रम मंदिर हे मुळात चापाकार विधानाचे विटांचे चैत्यगृह असावे, असे मानले जाते.

दख्खनमध्ये जुन्या वस्तीच्या जागेला ‘पांढरी’ व शेतजमिनीला ‘काळी’ म्हणतात. पिढ्यान्‌पिढ्या घरांच्या भिंती कोसळून, राख व केरकचरा साचून पांढरीचे टेकाड उंचावत जाते. तेरच्या आसमंतात अशी अनेक टेकाडे आहेत. ही मऊ माती माळवदावर पसरण्यासाठी व शेतात टाकण्यासाठी खणून नेण्याची रीत मराठवाड्यात जुनी आहे. पावसाने दरडी धुपल्या की मणी, बांगड्यांचे तुकडे, नाणी व मातीच्या आकृती उघड्या पडतात. तेरच्या बाहुल्या प्रथम हाती आल्या त्या अशा रीतीने, पुराणवस्तुसंशोधकाच्या कुदळीने नव्हे.

घडण : साध्या मातीच्या काही आकृती हाताने वळलेल्या असून इतर साच्यातून काढलेल्या आहेत. तेरचे वैशिष्ट्य ठरले, ते केओलिनच्या आकृतींमुळे. केओलिन ही बारीक पोताची पांढरी माती होय. तिच्यात अलंकारांचे व केसांचे बारकावे स्पष्ट उठतात. या आकृतींसाठी दोन साचे वापरीत, एक पुढच्या व दुसरा पाठीच्या बाजूचा. दोन्ही अर्धे दाबून काढल्यावर कडांना जोडीत व सांधा पुसून घेत. आतून पोकळ राहिल्याने आकृती हलकी होई आणि भाजताना तडकण्याचा संभव कमी होई. एका साच्यातून अनेक नग निघत असल्याने हा व्यवसाय केवळ एखाद्या आश्रयदात्यासाठी नव्हता, तर बाजारासाठी चालत असावा, असे अनुमान निघते. अशाच आकृती पैठण, नेवासे, कोल्हापूर, भोकरदन तसेच तेलंगणातील कोंडापूर येथेही सापडल्या आहेत. दुहेरी साच्याचे हे तंत्र रोमशी असलेल्या व्यापारातून आले असावे, असे मत मांडले गेले आहे. मात्र चेहऱ्यांची ठेवण, जड कर्णभूषणे, मेखला व केशरचना या पूर्णतः दख्खनी आहेत.

बाहुली की मूर्ती : या सर्व आकृतींना बोलीभाषेत ‘बाहुल्या’ म्हटले जात असले, तरी त्या सर्व खेळणी होत्या, असे नाही. वात्स्यायनाच्या कामसूत्रात सूत, लाकूड, म्हशीचे शिंग, हस्तिदंत, मेण, पीठ व माती यांच्या बाहुल्यांचा (दुहितृका) उल्लेख आहे. संस्कृत साहित्यात हस्तिदंती बाहुलीला ‘दंतपांचालिका’ अशी संज्ञा आढळते. म्हणजे खेळण्यासाठी बाहुल्या होत्या, हे निश्चित. दुसरीकडे, तेर येथे मिळालेल्या लज्जागौरीच्या शिरोहीन, उत्तानपाद आकृती उघडच पूजेच्या आहेत [→ लज्जागौरी]. महाराष्ट्रात या परंपरेचा मागोवा ताम्रपाषाणयुगापर्यंत जातो. पुणे जिल्ह्यातील इनामगाव येथे एका घराच्या जमिनीखाली झाकणाच्या मातीच्या पात्रात कच्च्या मातीची शिरोहीन स्त्री-आकृती ठेवलेली आढळली आणि तिच्यासोबत बैल होता. ती पुरून ठेवलेली सापडली, म्हणूनच तिचा धार्मिक हेतू ओळखता आला. नुसतीच हाती आली असती, तर कोणीही तिला मुलाचे मोडके खेळणे म्हटले असते. एकाच आकृतीचे प्रथम पूजन व्हावे आणि कार्य आटोपल्यावर ती मुलांच्या हाती जावी, हेही अशक्य नाही. पोळ्याच्या मातीच्या बैलांचे आजही पुष्कळदा तसेच होते. तात्पर्य, आकृतीचा उपयोग तिच्या रूपावरून क्वचितच ठरतो. तो ठरतो तिच्या जागेवरून.

हस्तिदंती बाहुली : तेरच्या संग्रहातील सर्वांत ख्यातनाम वस्तू म्हणजे हस्तिदंतात कोरलेली अलंकृत स्त्री-आकृती. ती टेकाडाच्या कोणत्या थरातून आली, याची नोंद नाही. तरीही तिचा काळ बऱ्याच निश्चितपणे सांगता येतो, तो दूरच्या एका दुर्घटनेमुळे. इटलीतील पाँपेई हे नगर इ. स. ७९ मध्ये व्हीस्यूव्हिअस ज्वालामुखीच्या राखेखाली गाडले गेले. तेथील एका घरात १९३८ मध्ये आमेदेओ माय्यूरी यांना भारतीय बनावटीची हस्तिदंती स्त्री-आकृती मिळाली. तिच्या दोन्ही बाजूंस एकेक सेविका असून बैठकीवर खरोष्ठी अक्षर आहे. ती सु. २५ सेंमी. उंच असून सांप्रत नेपल्सच्या संग्रहालयात आहे. प्रारंभी तिला लक्ष्मी मानण्यात आले. पुढे ती यक्षी असावी, हे मत अधिक मान्य झाले. आकृतीला वरून आरपार छिद्र असल्याने ती आरशाची मूठ किंवा आसनाचा पाया असावी, असा तर्क करण्यात येतो. जालना जिल्ह्यातील भोकरदन येथेही याच घडणीची खंडित हस्तिदंती आकृती मिळाली आहे. तेर, भोकरदन व पाँपेई येथील आकृतींचे साम्य लक्षात घेता, पाँपेईची आकृती दख्खनमध्ये कोरली गेली असण्याची शक्यता काही अभ्यासकांनी पुढे केली. राखेखाली गाडल्याची तारीख ठाऊक असल्याने पाँपेईची आकृती इ. स. ७९ पूर्वीची, हे निर्विवाद आहे; तिच्या आधारे तेरची बाहुलीही इ. स. पहिल्या शतकाच्या आसपास ठेवता येते. ज्या वस्तूची आपल्या घरची नोंद हरवली, तिला परक्या घरच्या नोंदीने काळ मिळवून दिला.

संग्रह : रामलिंगप्पा लामतुरे यांनी विसाव्या शतकात अनेक वर्षे गावात व शिवारात मिळणाऱ्या वस्तू जमविल्या. त्यांच्यापाशी पुराणवस्तुशास्त्राचे औपचारिक शिक्षण नव्हते. परंतु इतरांनी टाकून दिलेली मोडकी मस्तके व खापरे त्यांनी मोलाची मानली आणि ती गावातच राखली. डग्लस बॅरेट यांच्या तेर (१९६०) या पुस्तकाने येथील वस्तूंकडे जगातील अभ्यासकांचे लक्ष वेधले. पुढे हा संग्रह शासनाकडे आला. लामतुरे यांच्या नावाचे तेर येथील वस्तुसंग्रहालय राज्याच्या पुरातत्त्व व वस्तुसंग्रहालये संचालनालयाच्या अखत्यारीत आहे.

दरम्यान बा. ना. चापेकर यांनी १९५८ मध्ये तेर येथे उत्खनन केले. त्याचा वृत्तांत १९६९ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यानंतरही येथे उत्खनने झाली. त्यांतून थरांचा क्रम, भांड्यांचे प्रकार व रोमन व्यापाराच्या खुणा यांची सुसंगत मांडणी झाली. उत्खननात मिळालेल्या आकृतींची संख्या संग्रहातील आकृतींपुढे थोडी आहे. परंतु त्यांची जागा ज्ञात असल्याने संग्रहातील शेकडो नोंदहीन आकृतींना त्यांच्याशी ताडून पाहता येते. संग्रहाने बाहुल्या वाचविल्या. उत्खननाने त्यांना काळ दिला. दोहोंपैकी एकावर भिस्त ठेवणे अपुरे ठरते.

बाहुल्या हेतुतः संग्राह्य मानण्याची दृष्टी भारतात अलीकडची आहे. पुण्यात दि. गं. केळकर यांनी घरगुती वापराच्या वस्तूंबरोबर खेळणी व बाहुल्याही जमविल्या. त्यांचा संग्रह १९७५ मध्ये महाराष्ट्र शासनाकडे आला. दिल्लीतील शंकर आंतरराष्ट्रीय बाहुली संग्रहालय १९६५ मध्ये सुरू झाले. तेथील बाहुल्या देशोदेशींच्या वेशभूषेचे नमुने म्हणून आलेल्या आहेत. तेरचा संग्रह या दोहोंहून वेगळा आहे. तो एकाच गावच्या मातीतला असून त्याच गावी राहिला आहे.

महत्त्व : तेर हे संत गोरा कुंभारांचे गाव असून त्यांची समाधी येथे आहे. सातवाहनकालीन साचेकार व तेराव्या-चौदाव्या शतकांतील हा संत यांच्यामध्ये सु. एक हजार वर्षांचे अंतर असल्याने त्यांच्यात कारागिरीची अखंड परंपरा जोडणे धाडसाचे होईल. तथापि मातीशी असलेले या गावाचे नाते दोन्ही टोकांना दिसते, एवढे खरे.

तेरणेचे खोरे पुढे सास्तूर, किल्लारी या परिसराकडे जाते. ३० सप्टेंबर १९९३ च्या भूकंपात या भागातील दगडमातीची, जड माळवदांची घरे कोसळून हजारो माणसे मृत्युमुखी पडली आणि अनेक गावे नव्या जागी वसविण्यात आली. मोडलेली जुनी गावठाणे ही आता या खोऱ्यातील नव्या पांढरी होत. ज्या क्रमाने तगराच्या वस्तीचे टेकाड झाले, त्याच क्रमाची ही सुरुवात असून तिची तारीख मात्र सर्वांना ठाऊक आहे. अशा ठिकाणची साधी बाहुली किंवा मातीचा बैल उचलताना तो कोठे, कोणत्या घरात, कशासोबत मिळाला, हे लिहून ठेवले, तर उद्याच्या अभ्यासकाला पाँपेईपर्यंत जावे लागणार नाही. तेरच्या बाहुल्यांनी दिलेला हा धडा संग्राहक व ग्रामस्थ या दोघांनाही लागू आहे.