नकोसा वारसा, मोलाचा कागद

घराण्याला मिळालेली सनद सापडली, की आपण तिला चौकट करून दिवाणखान्यात लावतो. पण त्याच रुमालात कधी एखादे खत निघते : अमक्या कुळाला इतके रुपये, इतके व्याज, तारण म्हणून जमीन. कधी त्याहून जुना, बटीक विकत घेतल्याचा कागद निघतो. मग घरात कुजबुज सुरू होते, ‘जाळून टाका, कशाला उकरायचे?’ मंडळी, या प्रश्नाचा आज थोडा विचार करू.

पेशवाईत घरकामासाठी बायका विकत घेतल्या जात. त्यांना बटकी किंवा कुणबिणी म्हणत. १८४३च्या कायद्याने गुलामीवरचा मालकी हक्क मानायचे कंपनी सरकारच्या न्यायालयांनी थांबवले. सावकारीचा इतिहास तर आणखी जवळचा. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी, बाजारच्या दिवशी, शेतकरी सावकारांच्या दुकानांवर चालून गेले. त्यांचा मुख्य रोख होता खतांवर आणि वह्यांवर. हे लोण पुढे नगर जिल्ह्यातही पोचले. सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा झाला. खतावरच्या आकड्यामागे जाऊन मूळ मुद्दल किती आणि व्याज किती, हे न्यायालयाला तपासता येऊ लागले.

तेव्हा कुळांनी खते जाळली आणि आज आपण ती जपायची, हे कसे? त्या काळी ते खत कुळाच्या गळ्यातला फास होते. आज तो फास गेला, उरली ती साक्ष. आणि ही साक्ष एकट्या आपल्या घराण्याची नाही. आपल्या पूर्वजांची नावे सनदांत, वंशावळीत, इतरत्रही सापडतील. त्या बटकीचे किंवा कुळाचे नाव कदाचित याच एका कागदावर असेल. तो जाळला तर आपली लाज झाकेल, पण त्या माणसाची उरलीसुरली खूणही पुसली जाईल.

‘तेव्हा सगळेच तसे वागत’ म्हणून हात झटकू नयेत. पूर्वजांच्या कृत्यासाठी स्वतःला गुन्हेगारही ठरवू नये. कागदात काय आहे ते पुढच्या पिढीला सरळ सांगावे. त्या कुळाचे वंशज गावात असतील, तर त्यांना एक प्रत द्यावी. त्यांचाही त्यावर तेवढाच हक्क आहे.

आता जपणुकीविषयी. रुमालातल्या कागदांचा क्रम मोडू नका. कोणते गाठोडे कोठे मिळाले, ते लिहून ठेवा. चिकटपट्टी, टाचण्या, लॅमिनेशन कटाक्षाने टाळा. स्वच्छ सुती कापडात, ओल आणि वाळवीपासून दूर ठेवा. छायाचित्रे काढा आणि मोडीच्या जाणकाराकडून वाचून घ्या. इतिहासाचार्य राजवाडे गावोगाव हिंडून अशीच दप्तरे मिळवत. १९१०मध्ये पुण्यात स्थापन झालेले भारत इतिहास संशोधक मंडळ किंवा धुळ्याचे राजवाडे संशोधन मंडळ यांच्याकडे विचारणा करता येते.

मात्र कागद द्यायचे झाल्यास अभिमानाचे तेवढे निवडून देऊ नका. सनद आणि खत एकाच रुमालात होती, ती तशीच एकत्र राहू द्या.

(नभोवाणी भाषणाचा संपादित अंश)