‘कृष्णावेणी’ : एका विशेषनामाचा अर्थ आणि उगम

‘कृष्णवेणी’ या मुलीच्या नावाचा अर्थ सामान्यतः ‘काळ्याभोर केसांची वेणी असलेली’ असा सांगितला जातो. व्याकरणदृष्ट्या हा अर्थ अशक्य नाही. परंतु तो स्वीकारताच या नावामागचा दोन नद्यांचा इतिहास दृष्टीआड होतो. हेच नाव ‘कृष्णावेणी’ असेही लिहिले जाते. या दोन लेखनांत अंतर केवळ एका कान्याचे आहे; पण त्या कान्यावर समासाचा प्रकार आणि नावाचा अर्थ अवलंबून आहे. या नामाची घडण तपासणे आणि मराठीत त्याला जोडनावाचे रूप का मानवले याचा विचार करणे, हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

१. भूमी आणि पुराणकथा

कृष्णा आणि वेण्णा या दोन्ही नद्यांचा उगम महाबळेश्वरी मानला जातो. क्षेत्र महाबळेश्वरातील पंचगंगा मंदिरात कृष्णा, वेण्णा, कोयना, सावित्री व गायत्री या पाच नद्यांचे उगम एकत्र दाखविले जातात. तेथून कृष्णा वाईकडे उतरते, तर वेण्णा लिंगमळ्याच्या धबधब्यावरून मेढ्याच्या खोऱ्यात जाते. साताऱ्याच्या पूर्वेस माहुली येथे या दोघी पुन्हा एकत्र येतात. कऱ्हाडला कोयना कृष्णेला मिळते, ती त्यानंतर.

पद्मपुराणातील कार्तिकमाहात्म्यात या नद्यांची उत्पत्तिकथा आहे. सह्याद्रीवर ब्रह्मदेवाने यज्ञ आरंभिला. ज्येष्ठ पत्नी स्वरा वेळेवर न आल्याने तिच्या स्थानी गायत्रीला बसविण्यात आले. रुष्ट स्वरेच्या शापाने देव जलरूप झाले : विष्णू कृष्णा झाला, शिव वेणी झाला आणि ब्रह्मदेव ककुद्मती म्हणजे कोयना झाला. महाबळेश्वरच्या स्थानिक परंपरेत स्वरेच्या जागी सावित्रीचे नाव घेतले जाते. या कथेनुसार पाहता ‘कृष्णावेणी’ हे हरिहरांचे स्त्रीरूपातील जोडनाव ठरते. नावाचा हा अर्थ केशसंभाराच्या अर्थाहून सर्वस्वी भिन्न आहे.

२. रूपांची परंपरा

प्राचीन वाङ्मयात हे नाव एकाच रूपात स्थिर नाही. महाभारताच्या तीर्थयात्रापर्वात ‘कृष्णवेणा’ असे रूप येते. भागवताच्या पाचव्या स्कंधातील नद्यांच्या यादीत ‘कृष्णा’ आणि ‘वेण्या’ ही नावे लागोपाठ येतात. ती दोन मानावीत की एक, हे पदच्छेदावर अवलंबून राहते. पाली जातकांत ‘कण्णपेण्णा’ आढळते. खारवेलाच्या हाथीगुंफा लेखातील ‘कण्हबेंणा’ ही कृष्णाच, असे काही अभ्यासक मानतात. इतरांच्या मते तिचा संबंध विदर्भातील कन्हान-वैनगंगेशी आहे.

या रूपांतील उत्तरपद वेणा, वेण्णा, वेण्या, पेण्णा असे बदलत राहते, हे लक्षणीय आहे. मूळ शब्द जर केसांची ‘वेणी’ असता तर एवढी अस्थिरता संभवली नसती. विदर्भातील वैनगंगा आणि आंध्रातील पेन्ना ही नावे शेजारी ठेवली असता, हे पद नदीवाचक जुन्या देशी शब्दाचे अवशेष असावे, असा तर्क करण्यास जागा आहे. संस्कृतात ‘वेणी’ या शब्दाला केशबंधाप्रमाणेच प्रवाह असाही अर्थ आहे. ‘त्रिवेणी’ हे त्याचे परिचित उदाहरण. अपरिचित ‘वेण्णा’ला परिचित ‘वेणी’चे रूप मिळाले, ते या दुहेरी अर्थामुळे. तथापि लोकांच्या बोलण्यात नदी ‘वेण्णा’च राहिली. महाबळेश्वरच्या वेण्णा तलावाच्या नावातही तेच रूप टिकून आहे.

३. समासाचा विचार

‘कृष्णा च वेणी च’ असा इतरेतर द्वंद्व मानल्यास पूर्वपदाचा आकार कायम राहतो व संस्कृतात ‘कृष्णावेण्यौ’ असे द्विवचन होते. नदीवाचक पदांच्या द्वंद्वाला एकवद्भाव होतो, तो पदांची लिंगे भिन्न असतील तर (पाणिनी २.४.७). म्हणून ‘गङ्गाशोणम्’ हे एकवचन, पण ‘गङ्गायमुने’ हे द्विवचन. दोन्ही पदे स्त्रीलिंगी असल्याने ‘कृष्णावेणी’ दुसऱ्या वर्गात पडते.

‘कृष्णा अशी वेणी’ असा कर्मधारय मानल्यास पूर्वपदाला पुंवद्भाव होऊन (६.३.४२) ‘कृष्णवेणी’ हे रूप सिद्ध होते. त्याचा अर्थ काळी वेणी किंवा काळा प्रवाह. ‘जिची वेणी काळी आहे ती’ हा बहुव्रीही मात्र तितका सरळ नाही. ‘नद्यृतश्च’ (५.४.१५३) या सूत्राने तेथे कप् प्रत्यय येऊन ‘कृष्णवेणीका’ असे रूप अपेक्षित आहे. ‘वेणि’ हे ह्रस्वान्त रूप घेतल्यास ही अडचण टळते. म्हणजे आज रूढ असलेला अर्थ हाच व्याकरणाच्या दृष्टीने सर्वांत अधिक आधार मागणारा आहे. द्वंद्वाची अडचण वेगळी : तो दोघींचे नाव आहे, एकीचे नाही. मराठीत द्विवचनच नसल्याने ही अडचण जाणवत नाही आणि जोडनाव सहज एकवचनी होते.

४. मराठी नामकरणातील स्थान

मराठीत ही दोन्ही पदे पूर्वी स्वतंत्रपणे नांदत होती. ‘कृष्णाबाई’ हे नाव घरोघरी होते. मिरजेच्या समर्थशिष्या वेणाबाई सतराव्या शतकातील. वाईला निरनिराळ्या घाटांवर नदीचा उत्सव होतो, तोही ‘कृष्णाबाईचा’ म्हणूनच. पण बोलीत नुसते ‘कृष्णा’ म्हटले की पुरुषाचे नावही संभवते. ‘बाई’, ‘माई’, ‘आई’ ही पदे आदर दाखवितात, तसा लिंगनिर्णयही करतात. विसाव्या शतकात मुलींच्या नावांतून ‘बाई’ हे पद गळत गेले, तेव्हा ‘कृष्णा’ या नावाचा हा आधार नाहीसा झाला. ‘कृष्णावेणी’तील उत्तरपद नेमके तेच कार्य करते. ते ईकारान्त असल्याने स्त्रीत्व स्पष्ट करते आणि वडीलधारेपणाची छटा आणीत नाही.

‘गंगायमुना’ हे मुलीचे नाव म्हणून रुळले नाही, कारण यमुनेचे स्वतंत्र अस्तित्व प्रत्येकाला ठाऊक आहे. तेथे दोन व्यक्तींचा भास कायम राहतो. ‘वेणी’ला मराठीत केसांची वेणी व फुलांची वेणी असे सामान्य अर्थ असल्याने दुसरी नदी शब्दार्थात विरघळते आणि नाव एकसंध होते. तेलुगू प्रदेशात हे नाव आधीपासून परिचित आहे. तेलुगू चित्रपटांतील अभिनेत्री व निर्मात्या चि. कृष्णवेणी (१९२४–२०२५) यांचे उदाहरण सर्वज्ञात आहे. कृष्णेचे खालचे खोरे तेथेच असल्याने, नदीबरोबर नावाचाही दोन्हीकडे वावर असणे स्वाभाविक होय.

५. निष्कर्ष

‘कृष्णावेणी’ हे मूलतः नदीनाम आहे. केशवाचक अर्थ हा त्यावर नंतर चढलेला संस्कार आहे. तो चुकीचा म्हणून टाकून देण्याचे कारण नाही, कारण त्याच अर्थाने दोन नद्यांचे नाव एका मुलीचे होऊ शकले. पण या सोयीची किंमत वेण्णेने दिली आहे. माहुलीच्या संगमापुढे ती नकाशावर उरत नाही, नदी केवळ ‘कृष्णा’ म्हणून पुढे जाते. आणि ‘काळ्या वेणीची’ असा अर्थ दिला की नावातूनही ती नाहीशी होते. नाव लिहिताना पहिल्या पदाचा काना राखला, तर दोन्ही नद्या नावात राहतात. विशेषनामांचा अर्थ शिकविताना शब्दकोशाइतकेच भूगोलाकडेही पाहावे लागते, हे या एका नावावरून स्पष्ट व्हावे.