अमूर्त सांस्कृतिक वारसा
एखाद्या समाजाने आचरण, वाणी व हस्तकौशल्य यांच्याद्वारे पिढ्यान्पिढ्या चालविलेली आणि प्रत्येक पिढीत नव्याने घडणारी परंपरा. वास्तू, मूर्ती, हस्तलिखिते इ. मूर्त वारशाहून ती भिन्न असते. मंदिर त्याच्या कर्त्यानंतरही उभे राहते. कीर्तन, गोंधळ किंवा विणकाम मात्र ते जाणणाऱ्या व्यक्तींबरोबर लोप पावू शकते. म्हणून या वारशाचे रक्षण म्हणजे मुख्यतः त्याच्या संक्रमणाचे रक्षण होय.

युनेस्कोने अमूर्त वारशाच्या रक्षणासंबंधीचा करार १७ ऑक्टोबर २००३ रोजी पॅरिस येथे संमत केला. भारताने त्यास २००५ मध्ये मान्यता दिली व २० एप्रिल २००६ पासून तो अंमलात आला. मौखिक परंपरा, प्रयोगीय कला, सामाजिक रीती व उत्सव, निसर्गविषयक ज्ञान आणि पारंपरिक कारागिरी ही त्यातील पाच क्षेत्रे होत. करारानुसार एक प्रातिनिधिक यादी व दुसरी तातडीच्या रक्षणाची गरज असलेल्या परंपरांची यादी ठेवण्यात येते. नासिकसह चार ठिकाणी भरणाऱ्या कुंभमेळ्याचा प्रातिनिधिक यादीत २०१७ मध्ये समावेश झाला. यादीतील समावेशामुळे परंपरेस प्रतिष्ठा लाभते. परंतु ती चालविण्याचे कार्य संबंधित समाजालाच करावे लागते.

मूर्त व अमूर्त वारशाचा संबंध हिंगोली जिल्ह्यात (स्थापना १ मे १९९९, पूर्वी परभणी जिल्ह्याचा भाग) स्पष्टपणे दिसतो. कयाधू नदीकाठचे नरसी हे संत नामदेवांचे (१२७०–१३५०) परंपरेने मानले गेलेले जन्मस्थान. याच जिल्ह्यातील औंढा येथे नागनाथाचे हेमाडपंती मंदिर आहे. नामदेवांना मंदिरासमोर कीर्तन करण्यास मनाई झाल्यामुळे त्यांनी ते मागील बाजूस सुरू केले, तेव्हा मंदिरच त्यांच्याकडे फिरले, अशी आख्यायिका आहे. दगडी वास्तूपेक्षा जिवंत भक्तीला थोर मानणारी लोकधारणा तीतून व्यक्त होते.

वारकरी कीर्तनातील अभंग गाथांच्या रूपाने मुद्रित झाले आहेत. मात्र अभंगाची चाल, मृदंगाचे बोल, टाळकऱ्यांची पावले, निरूपणात प्रमाणे गुंफण्याची हातोटी व श्रोत्यांचा कल ओळखून विषय वाढविण्याचे भान या गोष्टी सहवासानेच आत्मसात होतात. शिकणारा मुलगा प्रथम टाळकऱ्यांच्या रांगेत उभा राहतो. चाली व ठेका अंगवळणी पडल्यावर आणि पाठांतर पक्के झाल्यावर पुढे त्याला नारदाच्या गादीवर उभे राहता येते. गावोगावचे अखंड हरिनाम सप्ताह ही या शिक्षणाची खरी शाळा होय. काकडा, पारायण, हरिपाठ व रात्रीचे कीर्तन असा क्रम सात दिवस चालून काल्याच्या कीर्तनाने सप्ताहाची सांगता होते. या परंपरेस संस्थात्मक रूप देण्यासाठी विष्णुबुवा जोग यांनी १९१७ मध्ये आळंदी येथे वारकरी शिक्षण संस्था स्थापन केली.

परंपरा जिवंत असणे म्हणजे ती अविकारी असणे नव्हे. नामदेवांची ६१ पदे शिखांच्या गुरू ग्रंथसाहिबात समाविष्ट असून ती तेथे रागांनुसार गायिली जातात. पंजाबातील घुमान येथे त्यांचे स्मारकस्थान आहे. २०१५ चे अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन तेथेच भरले होते. एकाच संताची वाणी महाराष्ट्रात टाळमृदंगाच्या साथीने आणि पंजाबात गुरुद्वाऱ्यातील शबदगायनात नांदते. यांपैकी एक रूप खरे व दुसरे गौण, असा भेद करता येत नाही.

ध्वनिमुद्रण व चित्रीकरण ही अभ्यासाची मोलाची साधने आहेत. तथापि मुद्रण एका दिवसाचा एक प्रयोग तेवढा जपते. प्रयोग घडविण्याचे सामर्थ्य जपत नाही. व्यासपीठावरील काही मिनिटांच्या सादरीकरणासाठी परंपरा बेतली गेल्यास तिच्यातील विधी, श्रोते व स्थळ यांचे नाते तुटण्याचा धोका असतो. याउलट जाणकाराला निर्वाहाचे साधन, शिष्याला शिकण्याचा अवकाश आणि गावाला सप्ताह चालविण्याची इच्छा या तीन गोष्टी टिकल्यास परंपरा टिकते. यांतील शिष्याचा दुवा निखळल्यास औंढ्याचे मंदिर व मुद्रित गाथा दोन्ही शाबूत राहतील, परंतु कीर्तन राहणार नाही.