दर सात वर्षांनी

१९९९चा ‘द वर्ल्ड इज नॉट इनफ’ हा बाँडपट मायकल अ‍ॅप्टेडचा. आदल्याच वर्षी हा दिग्दर्शक लंडनमधल्या एका टॅक्सीवाल्याला त्याच्या संसाराबद्दल खोदून खोदून विचारत होता. टॅक्सीवाला सात वर्षांचा असल्यापासून अ‍ॅप्टेड त्याला ओळखत होता!

गोष्ट १९६४ची. ब्रिटनमध्ये माणसाचं आयुष्य जन्मानेच ठरतं का, हे ग्रॅनाडा टेलिव्हिजनला दाखवायचं होतं. श्रीमंतांच्या शाळा, कामगारवस्त्या, बालगृह असं फिरून सात वर्षांची चौदा मुलं निवडली गेली. ‘सेव्हन अप!’ या माहितीपटाचं दिग्दर्शन पॉल आमंडचं. मुलं हुडकणाऱ्यांत विशीतला अ‍ॅप्टेड. एकदा दाखवलं की विषय संपायचा होता. पण मुलं चौदाची झाली तेव्हा अ‍ॅप्टेड पुन्हा त्यांच्या दारात हजर. मग एकविसाव्या वर्षी, अठ्ठाविसाव्या वर्षी... थेट २०१९च्या ‘६३ अप’पर्यंत. मध्ये हॉलिवूड होतंच, पण ही फेरी चुकली नाही.

पडद्यावर काय घडतं बघा. चौदांतला छोटा टोनी ऐटीत सांगतो, मी जॉकी होणार. लगेच पुढच्या दृश्यात तोच टोनी केस पिकलेला, आजोबा झालेला. मध्ये ना रंगभूषा, ना दुसरा नट. छप्पन्न वर्षं एका कटमध्ये!

टोनी एकवीसचा असताना अ‍ॅप्टेडला वाटलं, हा पोरगा तुरुंगात जाणार. म्हणून त्याने पूर्व लंडनमधल्या गुन्हेगारीच्या जागी त्याला फिरवून चित्रीकरणही करून ठेवलं. टोनीने टॅक्सी चालवली आणि अंदाज साफ खोटा पाडला. यॉर्कशायरच्या शेतावरचा निक अमेरिकेत प्राध्यापक झाला. लिव्हरपूलचा हसरा नील अठ्ठाविसाव्या वर्षी स्कॉटलंडमध्ये बेघर भटकत होता. बेचाळिसाव्या वर्षी तो लंडनच्या हॅकनीत नगरसेवक. मधल्या पडत्या काळात त्याला आसरा दिला तो याच चौदांतल्या ब्रूसने. हे पटकथेत लिहिलं असतं, तर आपण नाक मुरडलं असतं.

चौदांत मुली मात्र चारच. ही खंत अ‍ॅप्टेडला कायम राहिली. त्यातल्या जॅकीने ‘६३ अप’मध्ये त्याला कॅमेऱ्यासमोरच फैलावर घेतलं: तू आम्हा बायकांना लग्नसंसाराचेच प्रश्न का विचारत आलास? दिग्दर्शकाला ती दृश्यं कापता आली असती. त्याने ती ठेवली.